सात काड्यांची शिडी

शिडी म्हटलं की तुम्हाला काय आठवतं? लहानपणीची सापशिडी? माळ्यावरचा दिवाळीचा आकाशकंदील? की पहिल्या सेमिस्टरला मेकॅनिक्सच्या पेपरात हमखास येणारं, भिंतीला टेकलेल्या शिडीचं गणित? माझं उत्तर थोडं वेगळं आहे. मला आधी माइनक्राफ्टची शिडी आठवते. हसू नका! या शिडीकडे इंजिनिअरच्या नजरेने बघितलं तर खूप शिकायला मिळतं. ती काय शिकवते आणि काय शिकवत नाही, दोन्ही महत्त्वाचं आहे. दुसरं जास्त.

ज्यांना गेम माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. माइनक्राफ्ट मार्कस पर्सन या स्वीडिश प्रोग्रामरने २००९ मध्ये लोकांसमोर आणला, पूर्ण स्वरूपात तो २०११ मध्ये आला आणि २०१४ मध्ये मायक्रोसॉफ्टने ती कंपनीच विकत घेतली. सगळं जग एकेक मीटरच्या ठोकळ्यांचं. तुम्ही रिकाम्या हाताने येता, झाड तोडता, हत्यारं बनवता, जमीन खणता आणि रात्री राक्षसांपासून जीव वाचवता. मारिओसारखं लेव्हल पार करायची घाई नाही. जगायचं आणि बांधायचं, बस्स.

शिडी कशी बनवायची?

कृती सोपी आहे. झाडाच्या एका ओंडक्याच्या ४ फळ्या होतात. २ फळ्यांच्या ४ काड्या होतात. कामाच्या टेबलावर ३ बाय ३ चे नऊ चौकोन असतात. त्यात डाव्या रांगेत ३, उजव्या रांगेत ३ आणि बरोबर मधोमध १ काडी ठेवायची. सात काड्या झाल्या की ३ शिड्या हातात येतात. एक शिडी म्हणजे एक मीटर उंची. नीट बघा, त्या सात काड्यांचा आकार खऱ्या शिडीसारखाच आहे. दोन उभे दांडे आणि मधली एक पायरी!

आता आपलं आवडतं काम, एस्टिमेट. २०२१ च्या अखेरीस आलेल्या १.१८ आवृत्तीपासून हिरे सगळ्यात जास्त सापडतात ते उणे ५९ च्या पातळीवर. तुम्ही ६४ च्या पातळीवर उभे असाल तर सरळ खाली १२३ मीटर जायचं आहे. म्हणजे शिड्या १२३. एका खेपेत ३ होतात, म्हणून ४१ खेपा. ४१ गुणिले ७, म्हणजे २८७ काड्या. त्यासाठी १४४ फळ्या, म्हणजे ३६ ओंडके. साध्या ओकच्या झाडाला ४ ते ६ ओंडके मिळतात, म्हणजे साधारण ८ झाडं तोडायची. शिडीवरून चढायचा वेग सेकंदाला सुमारे २.३५ मीटर, त्यामुळे हिरे घेऊन वर यायला एक मिनिटसुद्धा लागत नाही. मला तर हॉस्टेलच्या तिसऱ्या मजल्यावर पोचायला जास्त वेळ लागतो.

वापरताना काय लक्षात ठेवायचं?

१. शिडी नेहमी भरीव ठोकळ्याच्या बाजूला लागते. मागचा ठोकळा फोडला की शिडीही गळून पडते. आधार गेला की सगळं गेलं.

२. शिडीवर असताना वाकायचं बटण दाबून ठेवलं की माणूस तिथेच लटकून राहतो, खाली घसरत नाही. बाजूची भिंत खणायची असेल तर हे फार उपयोगी.

३. वरून पडत असाल आणि मध्ये शिडी लागली तर वेग एकदम कमी होतो, मार बसत नाही. म्हणून खोल खड्ड्याच्या शेवटच्या काही मीटरला तरी शिडी लावाच.

४. खड्डा एका ठोकळ्याचा न खणता दोन ठोकळ्यांचा खणा. एकात शिडी आणि दुसऱ्याच्या भिंतीवर मशाली. अंधार राहिला तर राक्षस तयार होतात. शिवाय दोन ठोकळ्यांच्या मधल्या रेषेवर उभं राहून खणलं की एकदम लाव्हामध्ये पडायची भीती कमी.

शिडीला एक पर्यायही आहे, परांची. १.१४ या आवृत्तीत, म्हणजे २०१९ मध्ये, गेममध्ये बांबू आला आणि ६ बांबू व एका दोरीतून ६ परांच्या बनवायची सोय झाली. हे बघून मला फार बरं वाटलं. आपल्या चंद्रपूर-गडचिरोलीचा बांबू आणि नागपूरच्या कुठल्याही जुन्या इमारतीला रंग देताना बांधलेली बांबूची परांची, तेच तंत्र! बांबू आतून पोकळ असतो, सगळं मटेरियल मध्यापासून लांब कडेला असतं, त्यामुळे कमी वजनात जास्त ताकद. गेममधली परांची आधारापासून आडवी ६ ठोकळ्यांपर्यंतच जाते, सातवा ठोकळा खाली पडतो. म्हणजे कँटिलिव्हरला मर्यादा असते एवढं तरी गेमला माहीत आहे.

खरी शिडी दोन प्रकारची

माझी आजी शिडीला निसण म्हणते. कॉन्व्हेंटमध्ये शिकल्यामुळे हा शब्द मला कॉलेजात येईपर्यंत माहीतच नव्हता. तिला मी माइनक्राफ्ट दाखवला तेव्हा तिने एकच प्रश्न विचारला, "हे निसण भिंतीला बांधलेलं आहे की नुसतं टेकवलेलं?" मी थक्कच झाले. सगळा विषय या एका प्रश्नात आहे!

गेममधली शिडी भिंतीला खिळलेली असते. अशा शिड्या आपल्या महाराष्ट्रातही आहेत. कळसूबाई हे राज्यातलं सर्वांत उंच शिखर, १६४६ मीटर. तिथल्या अवघड टप्प्यांवर लोखंडी शिड्या कातळात बसवलेल्या आहेत. रतनगडावरही तशाच. खांडसहून भीमाशंकरला जाणाऱ्या वाटेचं तर नावच शिडी घाट. आणि खाणींचं म्हणाल तर त्या आपल्या दारातच आहेत. मॉइल म्हणजे मँगनीज काढणारी सरकारी कंपनी, तिचं मुख्यालय नागपुरात आहे आणि नागपूर जिल्ह्यात गुमगाव, कांद्री, मनसर इथे तिच्या खाणी आहेत. खोल शाफ्टमध्ये माणसं केजने म्हणजे पिंजऱ्याच्या लिफ्टने वरखाली करतात. पण लिफ्ट बंद पडली तर बाहेर यायला शिडीचा मार्ग लागतोच. तो १२३ मीटर सलग सरळ नसतो. थोड्या थोड्या अंतरावर प्लॅटफॉर्म असतात, म्हणजे दमलेला माणूस थांबू शकतो आणि कुणाचा हात सुटला तर तो थेट तळापर्यंत जात नाही. गेममध्ये माणूस दमत नाही म्हणून आपण ही गोष्ट विसरतो. गेममधला माणूस पाठीवर सोन्याचे ३६ गुणिले ६४, म्हणजे २३०४ ठोकळे घेऊन चढतो. एक घनमीटर सोनं सुमारे १९.३ टन भरतं. गुणाकार केला तर ४४ हजार टनांच्या वर जातं! आणि शिडी करकरत पण नाही.

दुसरा प्रकार म्हणजे टेकवलेली शिडी. घरात, दुकानात, संत्र्याच्या बागेत, लाइट दुरुस्त करताना आपण हीच वापरतो. ही शिडी माइनक्राफ्टमध्ये नाहीच. आणि धोका हिच्यातच आहे.

टेकवलेल्या शिडीचं गणित

चला, पहिल्या वर्षाची वही उघडूया. शिडी ४ मीटर लांब, वजन १५ किलो. चढणारा ६० किलोचा. भिंत गुळगुळीत धरू, म्हणजे भिंत फक्त आडवा धक्का देते. शिडीचा पाय घसरू नये म्हणून जमिनीवर घर्षण लागतं. किती घर्षणांक लागतो ते तळाभोवती मोमेंट घेऊन काढता येतं.

शिडीचा पाय भिंतीपासून २ मीटरवर ठेवला, म्हणजे कोन ६० अंशांचा. आता माणूस वर जातो तसं काय होतं बघा.

पहिल्या पायरीवर: लागणारा घर्षणांक सुमारे ०.०९
मध्यावर: सुमारे ०.२९
टोकाला: सुमारे ०.५२

म्हणजे माणूस चढत जातो तशी घर्षणाची गरज पाच-सहा पट वाढते. शिडी मात्र तीच, फरशी तीच. समजा फरशीचा घर्षणांक ०.४ आहे. मग शिडी पहिल्या पायरीला हलणार नाही, मध्यालाही हलणार नाही, आणि तीन-चतुर्थांश अंतर चढल्यावर, म्हणजे जमिनीपासून अडीच मीटर उंचीवर, एकदम सरकेल. आपण सगळे काय करतो? खालच्या पायरीवर पाय ठेवून दोनदा दाबून बघतो आणि म्हणतो, "पक्की आहे रे!" ती तपासणी काहीच सांगत नाही. शिडी धोका देते ती वर गेल्यावरच.

आता पाय भिंतीपासून १ मीटरवर आणा. कोन साधारण ७५ अंश होतो आणि टोकाला लागणारा घर्षणांक ०.५२ वरून ०.२३ वर येतो. म्हणूनच चारास एक हा नियम आहे. शिडीची लांबी चार भाग तर पाय एक भाग दूर. शिड्यांच्या सुरक्षेसाठी आपल्याकडे भारतीय मानकसुद्धा आहे, आयएस ३६९६ भाग २, १९९१ चं.

आणखी एक गंमत. खाली ६० किलोचा दुसरा माणूस सगळ्यात खालच्या पायरीवर उभा राहिला तर ६० अंशांच्या शिडीलासुद्धा ०.५२ ऐवजी सुमारे ०.३ पुरतो. त्याचं वजन जमिनीवरचा दाब वाढवतं, पण शिडी फारशी ढकलत नाही. "खाली कोणीतरी धर रे" असं जे जुने कारागीर म्हणतात त्यामागे हे सायन्स आहे.

हे सगळं कशासाठी?

माझ्या एका मैत्रिणीचे वडील पेंटर आहेत. दोन वर्षांपूर्वी एका बंगल्यात छताला रंग देताना त्यांची शिडी सरकली. खाली नुकतीच पुसलेली फरशी होती. उंची फार नव्हती, असेल दहा फूट. कंबरेचं हाड मोडलं, चार महिने घरी बसले. त्या वर्षी तिने फी कशी भरली ते तिलाच माहीत. आजही ते शिडीवर चढत नाहीत, फक्त खालचं काम घेतात आणि खालच्या कामाचे पैसे कमी मिळतात.

दहा फूट म्हणजे तीन मीटर. माइनक्राफ्टमध्ये तीन ठोकळ्यांवरून पडलं तर शून्य मार बसतो. चौथ्या ठोकळ्यापासून मोजणी सुरू होते आणि माणूस मरायला २३ ठोकळे लागतात. मरूनही तो लगेच परत जन्माला येतो. गेमचा तो नियमच आहे, त्यात गेमची चूक नाही. पण हजारो तास तो नियम डोळ्यांसमोर असेल तर तीन मीटर आपल्याला काहीच वाटेनासे होतात, असं मला मनापासून वाटतं.

गॅदरिंग जवळ येतंय. दरवर्षीसारखी स्टेजच्या वर लाइटिंगची माळ लागेल, बॅनर लागतील आणि आपल्यातलेच कुणीतरी शिडीवर चढतील. तेव्हा एवढंच करा. शिडीचा पाय लांबीच्या चौथ्या भागाएवढाच दूर ठेवा. फरशी ओली असेल तर आधी कोरडी करा. एकाने खाली उभं राहा, मोबाइल खिशात ठेवून. आणि जमलं तर वरचं टोक दोरीने बांधून टाका. बांधली की ती शिडी माइनक्राफ्टसारखीच झाली, खिळलेली!

बाकी हिरे शोधायला माझ्या सर्व्हरवर कधीही या. ३६ ओंडके मात्र आपापले आणायचे.