पडद्यावरच्या इतिहासाच्या बाई : जॅकलिन हिल



मालिकांमधले शिक्षक बहुतेक वेळा एक तर छडीवाले असतात, नाहीतर हसण्यासाठी ठेवलेले. म्हणून आज एका वेगळ्या बाईंची ओळख करून देतोय. त्यांचं नाव आपल्याकडे फारसं कुणी ऐकलेलं नसेल.

जॅकलिन हिल यांचा जन्म १९२९ चा, इंग्लंडमधल्या बर्मिंगहॅम शहरातला. आईवडील लहानपणीच गेले, आजीआजोबांनी वाढवलं. चौदाव्या वर्षी त्यांची शाळा सुटली. कारण? धाकट्या भावाचं शिक्षण चालू राहावं म्हणून! (हे वाचून मी दोन मिनिटं थांबलो. आपल्या हजेरीपटावरच्या किती मुलींची ही गोष्ट आहे.) त्या कॅडबरीच्या चॉकलेट कारखान्यात कामाला लागल्या. त्या कारखान्याचं स्वतःचं हौशी नाट्यमंडळ होतं. तिथे त्यांचं काम पाहून लोकांनी पुढे जायला सांगितलं आणि सोळाव्या वर्षी लंडनच्या रॉयल अकादमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्ट या नामांकित नाट्यशाळेची शिष्यवृत्ती मिळाली.

२३ नोव्हेंबर १९६३ रोजी बीबीसीवर 'डॉक्टर हू' ही मालिका सुरू झाली. पहिल्या कथेचे दिग्दर्शक वारिस हुसेन, हे मूळचे लखनौचे. हिल यांची भूमिका होती बार्बरा राइट, शाळेतल्या इतिहासाच्या बाई. वर्गातली सुझन नावाची मुलगी इतिहासात विलक्षण हुशार, पण साध्या गोष्टीत अडखळते. एका पौंडाचे शिलिंग किती, हेच तिला सांगता येत नाही. तिला वाटतं, दशमान नाणी आलेली आहेत! (आपल्याकडे १९५७ लाच नवे पैसे आले होते, ब्रिटनमध्ये मात्र १९७१ उजाडलं. गणिताच्या तासाला हा किस्सा जरूर सांगा.) बाईंना काळजी वाटते. विज्ञानाच्या सरांना सोबत घेऊन त्या मुलीच्या पत्त्यावर जातात, तर तिथे भंगाराचं आवार. म्हणजे एवढ्या मोठ्या मालिकेची सुरुवात झाली ती चक्क एका गृहभेटीने!

१९६४ च्या 'द अॅझटेक्स' या कथेत तर त्यांनी कमालच केलीय. मेक्सिकोतले अॅझटेक लोक बाईंना देवीचा अवतार समजतात आणि त्या ठरवतात, की इथला नरबळी थांबवायचाच. डॉक्टर बजावतो की इतिहास बदलता येत नाही. त्या ऐकत नाहीत, आणि हरतात. एकाच माणसाचं मन बदलतं. आरडाओरडा न करता, फक्त चेहऱ्यावर हिल यांनी ही हार दाखवलीय.

१९६५ मध्ये त्यांनी मालिका सोडली. पुढे संसार, मुलं यात बरीच वर्षं अभिनय बंदच होता. १९७८ मध्ये बीबीसीच्या 'रोमिओ अँड ज्युलिएट'मध्ये ज्युलिएटच्या आईच्या भूमिकेत त्या परत दिसल्या. दिग्दर्शक होते त्यांचे पती अॅल्विन रॅकॉफ. १९८० मध्ये 'डॉक्टर हू'मध्येही आल्या, पण दुसऱ्याच भूमिकेत, लेक्सा नावाची कडक धर्मप्रमुख. १९९३ मध्ये त्यांचं निधन झालं.

सातवी-आठवीला 'द अॅझटेक्स'ची गोष्ट नुसती तोंडी सांगितली तरी चालेल. नंतर एकच प्रश्न विचारा : बाईंच्या जागी तुम्ही असता तर काय केलं असतं? माझ्या वर्गात यावर पूर्ण तास भांडण झालं, आणि घंटा झाली तरी मुली उठायला तयार नव्हत्या.