संगणकात खेळ केव्हा आला, हे कसे ओळखावे?



आपल्या शाळेच्या संगणकात ‘रोड रॅश’ नावाचा मोटारसायकलींच्या शर्यतीचा खेळ आहे, ही गोष्ट आता साऱ्या गावाला ठाऊक झाली आहे. जुलै २०२५ च्या अखेरीस तो प्रथम मुलांच्या नजरेस पडला. खेळ मोठा मजेदार आहे. गाडी पळवता पळवता शेजारच्या गाडीवाल्याला लाथ मारायची, हाती साखळी लागली तर साखळीने हाणायचे, आणि पोलीस मागे लागला की धूम ठोकायची. असला खेळ शाळेच्या संगणकात असावा का, हा प्रश्न वेगळा. मी लिहिणार आहे ते तो केव्हा आला याविषयी. कारण ‘केव्हा’ कळल्याशिवाय ‘कोणी’ हे सांगता येत नाही, आणि आपल्याकडे तर ‘कोणी’ हे आधीच ठरून गेले होते.

झाले असे की, डी ड्राइव्हमध्ये खेळाच्या फोल्डरपुढे ३/७/२०२५ अशी तारीख दिसत होती. सर्वांनी ती ३ जुलै अशी वाचली. जुलैच्या पहिल्या आठवड्यात संगणकावर बसण्याची पाळी आमच्या वर्गातील एका मुलाची होती. त्याच्याजवळ मामाने दिलेला पेनड्राइव्ह आहे, त्यात नुसती गाणी आहेत. पण पोरांना तेवढे पुरले. “यानंच टाकलाय!” त्याची संगणकाची पाळी बंद झाली. त्याचे नाव येथे लिहीत नाही, तुम्हांला माहीत आहेच. त्याचे आईवडील ऊसतोडीला जातात. गेल्या हंगामात तोही त्यांच्याबरोबर कोल्हापूरकडे गेला होता. “फडावर राहून आलेलं पोर, त्याला कसलं वळण,” असे एकदोन मोठी माणसेसुद्धा पारावर बोलली, ते मी स्वतः ऐकले आहे.

चार दिवस तो शाळेत आलाच नाही. पाचव्या दिवशी त्याची आजी आली आणि दारातूनच गुरुजींना म्हणाली, “गुरुजी, आमचं लेकरू गरीब हाय, पण लबाड न्हाय. तुमच्या त्या मशिनीलाच इचारा काय ते.” गुरुजींना ते पटले. त्यांनी मला व वर्गातील आणखी दोघांना मधल्या सुट्टीनंतर संगणकापुढे बसवले आणि बजावले, “माणूस शोधू नका. फक्त तारीख शोधा.”

आता तारीख कशी शोधायची ते सांगतो. आपल्या संगणकात विंडोज १० आहे, म्हणून सगळे त्याच्याच हिशेबाने.

प्रथम आम्ही कंट्रोल पॅनेलमधील ‘प्रोग्रॅम्स अँड फीचर्स’ ही यादी उघडली. संगणकात जे सॉफ्टवेअर रीतसर बसवले जाते त्याची येथे नोंद होते, आणि ‘इन्स्टॉल्ड ऑन’ या रकान्यात तारीख असते. मराठी टायपिंगचे सॉफ्टवेअर, प्रिंटरचे सॉफ्टवेअर ही त्यात होती. रोड रॅश मात्र नव्हता. माझा मित्र म्हणाला, “म्हणजे खेळ इथं नाहीच का?” तसे नाही. घरी नळ घ्यायचा तर ग्रामपंचायतीत अर्ज होतो, पावती होते, वहीत नोंद होते. पण कोणी शेजारच्या आडावरून हंडा भरून आणून ओसरीवर ठेवला, तर त्याची नोंद कोण करतो? आमचा खेळ हंड्यासारखा आला होता. कोणीतरी त्याचा तयार फोल्डर नुसता उचलून डी ड्राइव्हमध्ये ठेवला होता. अशा खेळाची तारीख यादीत मिळत नाही, फोल्डरलाच विचारावी लागते. (आणि यादीतल्या तारखेवरही डोळे झाकून विसंबू नये. सॉफ्टवेअरची नवी सुधारित आवृत्ती चढवली की कधी कधी ती तारीखही बदलते.)

फाईलवर माऊसची उजवी कळ दाबून ‘प्रॉपर्टीज’ उघडले की तीन तारखा दिसतात. पहिली ‘क्रिएटेड’, दुसरी ‘मॉडिफाइड’, तिसरी ‘ॲक्सेस्ड’. यांत भल्याभल्यांचा घोटाळा होतो, म्हणून जरा सावकाश वाचा.

आपल्या वाचनालयातील एखादे पुस्तक घ्या. ते छापले २०१६ साली, शाळेत आले २०२४ साली, आणि कोणी शेवटचे उघडले काल. छापल्याची तारीख म्हणजे ‘मॉडिफाइड’: फाईलमधला मजकूर शेवटचा केव्हा बदलला ती. शाळेत आल्याची तारीख म्हणजे ‘क्रिएटेड’: फाईलची ही प्रत या जागी केव्हा तयार झाली ती. उघडल्याची तारीख म्हणजे ‘ॲक्सेस्ड’. ही तिसरी आम्ही सोडूनच दिली. व्हायरस शोधणारे सॉफ्टवेअर सगळ्या फाईली स्वतःच उघडून पाहते, आणि काही संगणकांत ही तारीख लिहिणेच बंद ठेवलेले असते. तिचा भरवसा नाही.

खेळाच्या मुख्य फाईलवर ‘मॉडिफाइड’ म्हणून १९९६ साल होते. हे पाहून पहिल्यांदा हसू आले, कारण त्या वेळी आमच्यापैकी कित्येकांचे वडीलच पाटी घेऊन शाळेत जात होते! पण त्यात चूक काही नाही. विंडोजवर चालणारा रोड रॅश निघाला तोच १९९६ साली. म्हणजे ती झाली छापल्याची तारीख, आपल्या कामाची नव्हे.

‘क्रिएटेड’ म्हणजे खरोखरच आल्याची तारीख का, हे आम्ही पुस्तकी ज्ञानावर सोडले नाही. पेंटमध्ये एक बैल काढला (बैल कसला, शेळीच दिसत होती), ते चित्र सी ड्राइव्हमध्ये साठवले आणि दुसऱ्या दिवशी त्याची नक्कल डी ड्राइव्हमध्ये ठेवली. नकलेचे ‘मॉडिफाइड’ कालचेच राहिले आणि ‘क्रिएटेड’ आजचे झाले. नक्कल न करता मूळ फाईलच कापून त्याच ड्राइव्हमध्ये दुसरीकडे चिकटवली, तर ‘क्रिएटेड’ बदलत नाही. घरी संगणक असेल त्यांनी हा प्रयोग जरूर करून पाहावा, दोन दिवसांचे काम आहे.

मग फोल्डरचे ‘प्रॉपर्टीज’ उघडले. फोल्डरला ‘क्रिएटेड’ एवढी एकच तारीख दाखवतात. तेथे ३/७ असे आकडे नव्हते, तर वार आणि महिना अक्षरांत लिहिलेला होता: शुक्रवार, मार्च ७, २०२५, दुपारी ३ वाजून ४२ मिनिटे.

मार्च! जुलै नव्हेच!

आमच्या मागे उभी राहिलेली मुले म्हणाली, “संगणकच चुकलाय.” ३ जुलै २०२५ ला गुरुवार होता आणि ७ मार्चला शुक्रवार, हे गुरुजींच्या खोलीतील कालनिर्णयवर पाहून घेतले. तरी काहींची समजूत पटेना. तेव्हा आम्ही दुसरी खूण शोधली. शाळा १६ जून २०२५ ला सुरू झाली. त्या दिवशी गुरुजींनी पहिलीच्या नवीन मुलांची यादी याच संगणकावर केली होती, आणि तिची छापील प्रत फायलीत लावलेली आहे, त्यावर त्यांनी पेनाने तारीख घातली आहे. संगणकात त्या यादीपुढे काय दिसावे? ६/१६/२०२५. आता सोळावा महिना तर कोणत्याच पंचांगात नाही! म्हणजे या संगणकात महिना आधी आणि दिवस नंतर लिहिला जातो, ही अमेरिकेची पद्धत. त्या हिशेबाने ३/७ म्हणजे तिसऱ्या महिन्याची ७ तारीख. शिवाय कागदावरची आणि संगणकातली तारीख जुळली, म्हणजे घड्याळही बरोबर चालले आहे.

येथे एक गंमत सांगण्यासारखी आहे. विंडोज तारीख अशी दिवस-महिना करून साठवतच नाही. १ जानेवारी १६०१ पासून किती काळ लोटला, तो मोजून एकच भला मोठा आकडा ठेवते. मोजण्याचे मापही बारीक: सेकंदाचे एक कोटी भाग केले तर त्यातला एक भाग. १६०१ म्हणजे शिवाजी महाराजांच्या जन्माच्या २९ वर्षे आधी! तो आकडा आपल्याला दाखवताना मात्र संगणक सांगितलेल्या देशाच्या रीतीने मांडतो. आत आकडा एकच असतो, वाचणाऱ्यांनी तो जुलै केला. आम्ही सेटिंग्जमध्ये ‘टाइम अँड लँग्वेज’, त्यात ‘रीजन’ येथे जाऊन अमेरिकेच्या जागी भारताची रीत निवडली. लगेच त्याच फोल्डरपुढे ०७-०३-२०२५ असे उमटले. मागे उभी असलेली सगळी मुले गप्प झाली.

पण शाळेचा संगणक अमेरिकेच्या रीतीने लिहू कसा लागला? हे मला सुचले नव्हते, वर्गातल्या एका मुलीने विचारले, आणि तिच्या प्रश्नाने पुढचे कोडे सुटले. काळ्या खिडकीत, म्हणजे कमांड प्रॉम्प्टमध्ये, ‘सिस्टिम’ आणि ‘इन्फो’ हे दोन इंग्रजी शब्द जोडून टाईप केले की संगणकाची पूर्ण कुंडली येते. त्यात ‘ओरिजिनल इन्स्टॉल डेट’ या ओळीत विंडोज बसवल्याची तारीख असते. ती निघाली ६ मार्च २०२५. म्हणजे खेळ येण्याच्या आदल्याच दिवशी विंडोज नव्याने बसवले गेले होते, आणि ते बसवताना रीत अमेरिकेचीच राहून गेली. (विंडोजची मोठी सुधारणा चढली तर ही तारीखही बदलते, तेव्हा तिला एकटीला साक्षीदार मानू नये.)

शाळेत तर विंडोज कोणी बसवले नव्हते. गुरुजींनी वस्तू बाहेर पाठवल्याची वही काढली. संगणक ५ मार्च २०२५ रोजी तालुक्याच्या गावी दुरुस्तीला गेला, १० मार्चला परत आला. पावतीवर दोन कामे लिहिली होती: विंडोज नवीन, सेल नवीन.

हा सेल म्हणजे संगणकाच्या आत असलेली, रुपयाच्या नाण्यासारखी चपटी, तीन व्होल्टची बॅटरी. वीज नसतानाही घड्याळ चालू राहते ते तिच्या जिवावर. आठवते ना, फेब्रुवारीत दिवे गेले की प्रत्येक वेळी आपला संगणक कुठल्यातरी जुन्याच सालात जाऊन बसायचा? सेल मेला होता. जर खेळ दुरुस्तीच्या आधी आला असता, तर त्याच्यावर असलेच काही विचित्र साल पडण्याचा संभव होता. कोणाचा संगणक तारीख चुकवत असेल, तर त्यातील फाईलींच्या तारखांवरून कोणावर बोट ठेवू नका, आधी सेल बघा.

आता जुळवा. ७ मार्चला दुपारी ३ वाजून ४२ मिनिटांनी संगणक आपल्या शाळेतच काय, आपल्या गावातही नव्हता. आणि ज्याच्यावर आळ आला तो मुलगा त्या दिवशी आईबापांसोबत उसाच्या फडावर होता. त्यांची टोळी होळीच्या दोन दिवस आधी गावात आली, हे टोळीच्या मुकादमांनीही सांगितले.

पुढच्या बाजाराच्या दिवशी गुरुजी तालुक्याला गेले तेव्हा त्या दुकानात डोकावले. तेथला पोऱ्या सहज म्हणाला, “सर, विंडोज टाकल्यावर आवाज न् चित्र बरोबर येतंय का ते बघायला आम्ही एक गेम टाकून बघतो. काढायचा राहिला असंल.” त्याच्या लेखी ते काहीच नव्हते. इकडे मात्र एका मुलाचे चार दिवस शाळेबाहेर गेले होते आणि त्याच्या आजीला दारात उभे राहून बोलावे लागले होते.

गुरुजींनी परिपाठाच्या वेळी सर्व तारखा फळ्यावर लिहून दाखवल्या. दुसऱ्या दिवशी तो मुलगा आला. पारावर बोललेल्यांपैकी एक काका शाळेच्या फाटकाशी त्याला म्हणाले, “ये रं, मला पण शिकीव ती तारीख बघायची.” दुसरे काही बोलले नाहीत. त्याची बुडालेली पाळी त्याला भरून मिळाली आहे, आणि पहिलीच्या मुलांना माऊस धरायला तोच शिकवतो.

खेळ अजून डी ड्राइव्हमध्येच आहे. काढून टाकावा असे बाईंचे मत, शनिवारी शाळा सुटल्यावर अर्धा तास खेळू द्यावा असे आमच्या वर्गाचे. गुरुजींनी अजून दोन्हींपैकी कशालाच होकार दिलेला नाही.

– इयत्ता सातवीचा एक विद्यार्थी