पांढरा सदरा गुलाबी कसा झाला?



या लेखाखाली टाचण्यांनी चार चिंध्या लावल्या आहेत. चारही एकाच जुन्या धोतराच्या आहेत. त्यांतली एक अजून पांढरी आहे, एकीवर ठिपके आहेत, एकीवर गुलाबी पट्टा आहे आणि चौथीकडे तर पाहवत नाही. कृपया हात लावू नये, नुसते पाहावे. त्यांची हकिकत सांगायची आहे, पण अगोदर माझ्या सदऱ्याचे सांगतो, कारण सुरुवात तिथूनच झाली.

ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात मी नागपूरला आत्याकडे गेलो होतो. तिचे घर महालात आहे, गांधी गेटच्या आतल्या बाजूला. गल्ली एवढी अरुंद की समोरच्यांच्या फोडणीने आपल्याला ठसका लागतो. आपण गावात कपडे कुंपणावर टाकतो, अंगणात टाकतो. तिकडे तेवढी जागा कुठली? आतल्या चौकात दोन दोऱ्या बांधल्या आहेत, एक वर आणि एक खाली. साऱ्या घराचे कपडे त्यांच्यावरच. १५ ऑगस्टच्या प्रभातफेरीसाठी आईने शिवून घेतलेला पांढरा सदरा मी हौसेने संगे नेला होता. तसा तो एकच आहे.

त्या दिवशी वहिनीने कपडे धुतले. पांढरे एका बादलीत, रंगीत दुसऱ्या बादलीत. मग दोरीवर घातले. त्यांत तिची नवी लाल सुती साडी होती. थोड्या वेळाने वहिनी बाजारात गेली आणि आभाळ भरून आले. आत्या आतून ओरडली, "बाबू, पाणी येऊन राहिलं रे! कपडे काढ लवकर!" मी धावलो, सारे कपडे ओढले आणि ओसरीतल्या खाटेवर टाकले. वहिनी बाजारातून आल्यावर संध्याकाळी तिने ते आतल्या दोरीवर पुन्हा घातले. सकाळी पाहतो तर सदऱ्याच्या खांद्यापासून खिशापर्यंत गुलाबी डाग!

आत्या वहिनीला बोलली. "काऊन गं, पांढऱ्याच्या बाजूला रंगीत घालत असते का कोणी? एवढंही समजत नाही?" वहिनी नवीन आहे. ती काही बोलली नाही, नुसती सदरा घेऊन मोरीवर गेली. मीही गप्प राहिलो, कारण मला वाटले आत्याचेच खरे आहे.

आत्याच्या सासऱ्यांना आम्ही आबा म्हणतो. ते एम्प्रेस मिलच्या रंगखात्यात कामाला होते. ही गिरणी जमशेटजी टाटांनी १ जानेवारी १८७७ ला नागपुरात सुरू केली होती. आता ती बंद आहे. आबांनी सदरा मागवून घेतला, चष्मा लावला आणि म्हणाले, "हा दोरीचा डाग नव्हे. हा घडीचा डाग आहे." मला समजले नाही. तेव्हा त्यांनी दाखवले की डाग दोन ठिकाणी आहे आणि दोन्ही डाग एकमेकांसारखे आहेत. आपण कागदावर शाई टाकून घडी घालतो तेव्हा दोन्हीकडे सारखे फुलपाखरू उमटते ना, अगदी तसे. म्हणजे सदरा चुरगळून ओल्या साडीत दबला होता.

मग त्यांनी कापडाचा रंग पक्का आहे की कच्चा हे कसे तपासतात ते सांगितले. रंगीत कापडाच्या तुकड्याला पांढरे कापड शिवतात. दोन्ही ओले करतात, दोन सपाट पट्ट्यांमध्ये दाबतात आणि ३७ अंश सेल्सिअसला ४ तास ठेवतात. मग पांढऱ्यावर किती रंग चढला ते पाहून १ ते ५ गुण देतात. काहीच चढला नाही तर ५, भरपूर चढला तर १. परीक्षेत आपल्याला असे गुण मिळाले तर बरे, ५ पेक्षा जास्त कोणाला नाहीत! ३७ अंश म्हणजे आपल्या अंगाएवढी ऊब. ओले कपडे एकावर एक पडले की घरच्या घरी तीच परीक्षा सुरू होते, असे आबा म्हणाले.

गावी आल्यावर मी हे गुरुजींना सांगितले. गुरुजी म्हणाले, ऐकून विश्वास ठेवू नको, करून पाहा. म्हणून आम्ही कच्च्या रंगाचे लाल कापड आणले आणि धोतराच्या सारख्या चार चिंध्या केल्या. सारे ओले करून पिळले. पहिली चिंधी लाल कापडाच्या शेजारी त्याच दोरीवर घातली, मध्ये वीतभर अंतर ठेवून. दुसरी खालच्या दोरीवर घातली आणि तिच्या वर लाल कापड, पण ते न पिळता. तिसरी लाल कापडावर अर्धी चढवून घातली. चौथी लाल कापडात गुंडाळून डब्यात ठेवली, सकाळपर्यंत.

पहिलीला काहीच झाले नाही. बाजूबाजूला असूनही नाही. दुसरीवर ठिपके पडले. तिसरीवर जेवढा भाग चिकटला होता तेवढाच पट्टा उमटला, आणि तोही खालच्या कडेला जास्त, कारण पाणी उतरून तिथे साचते. चौथी तुम्ही पाहतच आहात. तेव्हा एका दोरीवर पांढरे नि रंगीत घातल्याने काही बिघडत नाही. बिघडते ते ओल्याला ओले चिकटल्याने, आणि जितका वेळ चिकटून राहील तितके जास्त.

असे का होते? सुताच्या धाग्यांत बारीक बारीक फटी असतात. दिव्याच्या वातीत तेल जसे चढते तसे त्यांतून पाणी चालते. खडूच्या खालच्या टोकाशी शाईचा ठिपका देऊन तो खडू थोड्या पाण्यात उभा करा (ठिपका पाण्याच्या वर राहू द्या), शाई वर चढताना दिसेल. कच्चा रंग पाण्यात विरघळतो आणि पाण्याबरोबर शेजारच्या कपड्यात जातो. पुढे पाण्याची वाफ होते, पण रंगाची होत नाही. मिठागरात मीठ मागे राहते तसा तो मागे राहतो. डागाची कड गडद का होती तेही यावरून कळले. पाणी कडेकडे सरकत वाळले आणि रंग तिथे साचला.

सगळे रंग मात्र असे नसतात. पूर्वी आपल्याकडे आल नावाच्या झाडाच्या मुळांपासून लाल रंग काढत आणि कापडाला तुरटी लावत. तुरटी रंगाला धाग्याशी धरून ठेवी. १८८४ साली जर्मनीत काँगो रेड नावाचा रंग निघाला. तो तुरटीशिवाय सरळ सुतावर चढे, म्हणून सोपा आणि स्वस्त, पण धुतला की सुटे. १९५६ पासून असे रंग बाजारात आले जे धाग्याशी रासायनिक रीतीने जोडले जातात. तेही कारखान्यात नीट धुतले नसतील तर उरलेला मोकळा रंग पहिल्या काही धुण्यांत निघतो. आत्या म्हणते नवी साडी मिठाच्या पाण्यात बुडवली की रंग पक्का होतो. आबा म्हणाले, रंगवताना मीठ घालतात हे खरे, पण तयार कापडाचा कच्चा रंग मिठाने पक्का होत नाही. मिठाच्या पाण्यात तो कमी सुटतो, साध्या पाण्यात पुन्हा सुटतो. यावर आत्या काही मानायला तयार नाही!

नागपूरच्या उन्हाळ्याचे वेगळेच. मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या वर जातो, कपडे पाहता पाहता वाळतात, रंगाला चालायला वेळच मिळत नाही. पण त्या उन्हात रंगीत कपडे विटतात, म्हणून ते उलटे करून सावलीत घालावे. पांढऱ्याला ऊन चांगलेच. पावसाळ्यात कपडा दिवसभर ओला राहतो. तेव्हाच सांभाळायचे असते. पाऊस आला तर पांढरे एका हातात, रंगीत दुसऱ्या हातात, आणि ठेवायचे वेगवेगळे. नवा कपडा असेल तर ओल्या पांढऱ्या फडक्याने कोपरा चोळून पाहावा, फडके रंगले की समजावे. डाग पडलाच तर कपडा वाळू देऊ नये, लगेच गार पाण्यात टाकून पाणी बदलत राहावे.

चौथी चिंधी डब्यातून काढली तेव्हा मला खाटेवरचा ढीग आठवला. वहिनीने तर कपडे वेगळे धुतले होते, दोरीवरही अंतराने घातले होते. ढीग मी केला होता. दुपारी दोन वाजल्यापासून संध्याकाळपर्यंत, म्हणजे ४ तास तरी झाले असतील.

त्याच संध्याकाळी बाबांच्या फोनवरून मी आत्याला सारे सांगितले. आत्या थोडा वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "थांब, तिलाच देते फोन." वहिनीने पहिल्यांदा सदऱ्याचेच विचारले. डाग बराच फिका झाला आहे, पण गेला नाही. १५ ऑगस्टला मी तोच घातला होता, खिशावर तिरंगी बिल्ला लावून.

— इयत्ता ७ वी