सॅन होजे आणि लोहमार्गाचे शेवटचे स्थानक

बृहन्महाराष्ट्र मंडळाच्या अधिवेशनासाठी जून २०२४ मध्ये सॅन होजे मुक्कामी आलेल्या पाहुण्यांना यजमान शहराची ओळख त्याच्या प्रशस्त हमरस्त्यांवरून झाली असेल हे उघड आहे. परंतु ज्याला हे शहर खरोखर समजून घ्यावयाचे असेल, त्याने अधिवेशनाच्या सभागृहापाशीच थांबणाऱ्या लाइट रेलमध्ये बसावे, टॅस्मन येथे गाडी बदलावी आणि सुमारे तासाभराने माउंटन व्ह्यू या अंतिम स्थानकावर उतरावे, अशी माझी आग्रहाची विनंती आहे.

स्पॅनिश अमदानीत, १७७७ साली, मोंटेरे व सॅन फ्रान्सिस्को येथील लष्करी ठाण्यांना धान्य पुरवण्यासाठी ही नागरी वसाहत वसली. कॅलिफोर्नियाचे पहिले विधिमंडळ १८४९ च्या डिसेंबरात येथेच भरले. आणि पुढे जर्दाळू व आलुबुखाऱ्याच्या बागांनी हा सारा मुलूख असा काही बहरला, की लोक त्याला हृदयानंदाचे खोरे म्हणू लागले. १९८७ च्या डिसेंबरात येथे लाइट रेल प्रथम धावली तेव्हा त्या बागा बव्हंशी नामशेष होऊन त्यांच्या जागी संगणकाचे कारखाने उभे राहिले होते, आणि डिसेंबर १९९९ मध्ये तिचे रूळ माउंटन व्ह्यूला पोहोचले तेव्हा आपल्या मराठी तरुणांचे बिऱ्हाडही या खोऱ्यात स्थिरावू लागले होते.

माउंटन व्ह्यूच्या वाटेत बेशोअर-नासा हे स्थानक येते. तेथून मॉफेट फील्ड या विमानतळावरील हॅंगर वन हा अवाढव्य निवारा दृष्टीस पडतो. मेकन नावाच्या वायुनौकेसाठी तो बांधला गेला; वायुनौका १९३५ साली समुद्रात बुडाली, निवारा मात्र उरला.

आमचे तीर्थरूप दर उन्हाळ्यात सनीव्हेलला आमच्याकडे येतात. उभे आयुष्य गिरगावात, पायी आणि लोकलने, गेलेल्या या गृहस्थास येथे मोटार चालवता येत नसल्यामुळे प्रत्येक कामासाठी मुलाच्या सवडीची वाट पाहावी लागे, आणि ही पराधीनता त्यांनी कधी बोलून दाखवली नाही तरी त्यांच्या मुद्रेवरून ती आम्हांस कळत असे. एका सकाळी ते फेअर ओक्स स्थानकावर एकटेच लाइट रेलमध्ये बसले, शेवटपर्यंत गेले, आणि दुपारी परतले ते निराळेच होऊन. तेव्हापासून माउंटन व्ह्यूचे ग्रंथालय, कॅस्ट्रो स्ट्रीटवरील बाक आणि तेथे भेटणारे समवयस्क हा त्यांचा स्वतंत्र इलाखा झाला आहे. शहराची थोरवी मोजण्याचे जे अनेक दाखले असतील त्यांत, सत्तरीच्या माणसाला कोणाचीही परवानगी न मागता घराबाहेर पडता येते की नाही, हा दाखला मी सर्वांत वरचा मानतो.

माउंटन व्ह्यूच्या स्थानकात लाइट रेलचे रूळ संपतात. शेजारून सॅन फ्रान्सिस्कोकडे जाणारा १८६४ सालचा जुना लोहमार्ग तसाच पुढे जातो. चालक एका टोकाच्या कक्षातून उतरून फलाटावरून दुसऱ्या टोकाकडे चालत जातो आणि गाडी न वळता उलट दिशेने निघते. चर्चगेटची आठवण होऊन वडील हे दृश्य अजूनही उभे राहून पाहतात. रविवारी सकाळी स्थानकालगतच्या वाहनतळावर शेतकऱ्यांचा बाजार भरतो. जूनमध्ये तेथे जर्दाळू येतात. वडील ते एकेक हातात घेऊन पारखतात, कापडी पिशवीत भरतात, आणि परतीच्या गाडीत ती पिशवी मांडीवर घेऊन बसतात.