कवडीचे मोल आणि माणसाचे मोल

‘फुटकी कवडीही मिळणार नाही’ असे आपण सहज बोलतो. परंतु हीच कवडी भारतात शतकानुशतके चलन म्हणून वापरात होती, हे फारसे कोणाच्या ध्यानी येत नाही. चंद्रपूर-गडचिरोलीपासून समुद्र शेकडो किलोमीटर दूर. तरीही इंद्रावतीपलीकडील बस्तरमध्ये माडियांच्या रानगव्याच्या शिंगांच्या शिरोभूषणाला कवड्यांच्या सरी असतात आणि बंजारा स्त्रियांच्या वस्त्रांवरही कवड्या शिवलेल्या दिसतात. समुद्रातील ही वस्तू व्यापाराच्या वाटेने आत आली. तिचा इतिहास आपण थोडक्यात पाहू.

कवडी म्हणजे एका सागरी गोगलगाईचे कवच. जिवंतपणी या प्राण्याच्या शरीराचा मऊ पडदा कवचावर पसरतो, म्हणून ते गुळगुळीत व चकचकीत राहते. लिनियसने १७५८ मध्ये या जातीला ‘मोनेटा’ असे नाव दिले. लॅटिनमध्ये त्याचा अर्थ ‘नाणे’. मालदीव बेटांवर नारळाच्या झावळ्या उथळ पाण्यात ठेवीत. त्यांना चिकटलेल्या गोगलगाई वाळूत पुरून कुजवीत आणि कवड्या स्वच्छ करून बंगालला पाठवीत. मोबदल्यात तांदूळ येई. चौदाव्या शतकात इब्न बतूताने या व्यापाराची नोंद केली आहे.

कवडी टिकाऊ, आकाराने जवळजवळ सारखी आणि बनावट करण्यास अवघड. बंगालमध्ये ४ कवड्यांचा एक गंडा, २० गंड्यांचा एक पण आणि १६ पणांचा एक काहण, म्हणजे १२८० कवड्या, असा हिशेब होता.

पाचव्या शतकाच्या आरंभी आलेला चिनी बौद्ध भिक्खू फाहियान याने मध्यदेशातील लोक खरेदी-विक्रीत कवड्या वापरतात असे लिहिले. त्याच वर्णनात तो आणखी एक गोष्ट सांगतो : चांडाळांना वस्तीबाहेर राहावे लागे आणि नगरात वा बाजारात शिरताना लाकूड वाजवून आपण आल्याचे कळवावे लागे. ज्या बाजारात समुद्रातील कवचाला मान होता, तेथे जिवंत माणसाला नव्हता. इतिहासाच्या अभ्यासकाने या दोन्ही नोंदी एकत्र वाचल्या पाहिजेत.

पुढे सतराव्या-अठराव्या शतकांत डच व इंग्रज व्यापाऱ्यांनी हिंदी महासागरातील कवड्या जहाजे भरभरून युरोपमार्गे पश्चिम आफ्रिकेत नेल्या आणि त्यांच्या बदल्यात माणसे विकत घेतली. कवडीने तेथे माणसाची किंमत केली.

१८०३ मध्ये इंग्रजांनी ओडिशा घेतला. कवड्यांत चालणारा शेतसारा त्यांनी चांदीच्या रुपयांत मागितला. कवडीचा भाव घसरला, रयतेवरील बोजा वाढला. १८१७ च्या खुर्द्याच्या पाइक उठावामागील कारणांत हेही एक होते. कवडी तीच होती. सत्तेने नियम बदलला आणि गरिबाच्या गाठीचे धन मातीमोल झाले. चलनाच्या मूल्यातील चढउताराचा भार शेवटी सामान्य जनतेवर पडतो, हा मुद्दा डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी रुपयाच्या प्रश्नावरील १९२३ च्या आपल्या ग्रंथात आधुनिक चलनाच्या संदर्भात मांडला.

यावरून आपण काय शिकावे? वस्तूचा भाव समाज ठरवतो, म्हणून तो चढतो आणि उतरतो. जन्मावरून लावलेली उच्चनीचताही अशीच समाजाने ठरवलेली आहे, निसर्गाने नव्हे. म्हणून ती मोडता येते. मात्र कवडीचा भाव करणे हा व्यवहार आहे, माणसाचा भाव करणे हा अन्याय आहे.

विद्यार्थ्यांनी सुट्टीत आपल्या घरची किंवा गावातली कवड्यांची जुनी आभूषणे पाहावीत. ती कोणाची, कोठून आली, केव्हा घालत, हे वडीलधाऱ्यांना विचारून वहीत लिहावे. आपल्या माणसांचा इतिहास आपणच लिहून ठेवण्याची ही सुरुवात ठरेल.