न दिसणारे खरे कसे मानावे?



गेल्या पावसाळ्यात आमच्या मानोऱ्यात काही घरी लहान पोरांना हगवण लागली. आम्ही दोघे-तिघे शिक्षक संध्याकाळी घरोघर जाऊन पाणी उकळून पिण्यास सांगत होतो. एका ओट्यावर बसलेल्या आजीने मला थांबविले. म्हणाली, "मास्तर, पह्यले मरीआई दिसत नव्हती, आता तुमचे जंतू दिसत नाईत. नाव बदललं. दुसरं काय बदललं?"

बरोबरचे हसले. मीही हसलो. परंतु घरी आल्यावर झोप लागली नाही. मरीआई आपण सोडली ती विचार करून सोडली. आता जंतू, अणू, उल्का हे सारे केवळ पुस्तकात छापले आहे म्हणून मान्य करीत असू, तर पोथी तेवढी बदलली, सवय तीच राहिली. कालाम सुत्तात तथागतांनी सांगितले आहे की, परंपरेने आले म्हणून, ग्रंथात आहे म्हणून किंवा आपला गुरू सांगतो म्हणून काही मानू नका. मग शाळेच्या मास्तरालाही हा नियम लागू झालाच पाहिजे. म्हणून आजचा पाठ आजीच्या प्रश्नावर आहे.

१. प्रश्न विद्वानांचाही आहे

विज्ञान ज्या न दिसणाऱ्या वस्तूंची नावे घेते, त्या खरोखर आहेत काय? यावर विचारवंतांत दोन पक्ष आहेत. पहिला पक्ष वास्तववादी. तो म्हणतो, सिद्धान्त वारंवार खरा ठरतो, त्याच्या आधारे रोग हटतात, यंत्रे चालतात. त्या वस्तू जर नसत्याच, तर हे सर्व यश म्हणजे एक चमत्कार ठरेल. अमेरिकेचे हिलरी पुटनम यांनी १९७५ मध्ये हा युक्तिवाद मांडला.

दुसरा पक्ष म्हणतो, सिद्धान्त हे हत्यार आहे. विळ्याने गवत कापले जाते एवढे पुरे. विळा खरा की खोटा असे कोणी विचारीत नाही. एर्न्स्ट माख हे मोठे शास्त्रज्ञ, पण अणूंचे अस्तित्व मानण्यास ते तयार नव्हते. बास व्हान फ्रासेन यांनी १९८० मध्ये लिहिले की, सिद्धान्त दिसणाऱ्या गोष्टींशी जुळला की विज्ञानाचे काम झाले. न दिसणाऱ्याबद्दल श्रद्धा ठेवण्याची सक्ती नाही. १९८१ मध्ये लॅरी लाउडन यांनी आणखी एक आक्षेप घेतला. प्रकाश वाहून नेणारा 'ईथर' एके काळी सर्वमान्य होता. त्यावर उभारलेली गणिते यशस्वी होती. तरी ईथर निघून गेला. मग आजचे सिद्धान्तही उद्या जाणार नाहीत कशावरून?

हा पक्ष अडाण्यांचा नाही, हे ध्यानात घ्यावे. बाबासाहेब १९१३ ते १९१६ या काळात कोलंबिया विद्यापीठात शिकत असताना तेथील प्राध्यापक जॉन ड्यूई हेही कल्पनांना हत्यारच समजत, आणि ती कामात कशी उतरते यावरून पारखावी, असे सांगत. तेव्हा निवाडा घाईने करू नये. आपल्या शेजारचे एक उदाहरण घेऊन पाहू.

२. लोणारचे विवर

आपल्या वाशीम जिल्ह्याला लागून बुलढाणा जिल्हा आहे. तेथील लोणारचे सरोवर आपल्यापैकी अनेकांनी पाहिले असेल. सुमारे १.८ किलोमीटर रुंदीचे, जवळजवळ १५० मीटर खोल, वाटोळे विवर. तळाशी खारे पाणी. पुराणकथा सांगते की, येथे लवणासुर राहत होता आणि विष्णूने त्याला मारले. १८२३ मध्ये अलेक्झांडर नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने या जागेची नोंद केली. पुढे बरीच वर्षे अभ्यासक म्हणत राहिले की, हे ज्वालामुखीचे काम. ते तर्कशुद्धही वाटत होते. आपल्या शेतातला काळा पत्थर हा ज्वालामुखीच्या लाव्ह्याचाच थिजलेला थर आहे. सगळीकडे लाव्हा, तर विवरही त्याचेच असणार!

अमेरिकेत ॲरिझोना येथे असेच एक वाटोळे विवर आहे. तेथे लोखंडी उल्कांचे तुकडे सापडत. भूशास्त्रज्ञ ग्रोव्ह कार्ल गिल्बर्ट यांनी त्याची तपासणी केली आणि १८९६ मध्ये आपला लेख प्रसिद्ध केला. त्यांचा विचार असा: मोठी उल्का पडून जमिनीत रुतली असेल, तर खाली लोखंडाचा प्रचंड गोळा असला पाहिजे आणि होकायंत्राची सुई हलली पाहिजे. शिवाय आत उल्का असल्यामुळे काठावर पडलेला राडारोडा खड्ड्यात मावणार नाही, उरला पाहिजे. दोन्ही कसोट्या त्यांनी लावून पाहिल्या. सुई हलली नाही. राडारोडाही खड्ड्याएवढाच भरला. त्यांनी निर्णय दिला की, हा जमिनीखालच्या वाफेचा स्फोट आहे. आपल्या लोणारचीही त्यांनी त्याच लेखात तुलना केली.

निर्णय चुकला. कोठे चुकला? गिल्बर्ट यांनी मनाशी एक गोष्ट धरून ठेवली होती की, पडलेली उल्का जमिनीत शाबूत राहते. पुढे कळले की, सेकंदाला कित्येक किलोमीटर वेगाने येणारी एवढी मोठी उल्का आदळताच बहुतांशी वितळते, वाफ होते, उधळली जाते. खाली गोळा उरणारच नव्हता. प्रामाणिक माणसानेही योग्य कसोटी लावून चुकीचे उत्तर काढले. कारण कसोटीच्या पोटात एक न तपासलेले गृहीत होते.

३. दगडाची साक्ष

उल्का पडताना पाहणारा साक्षीदार नाही. मग निवाडा कशावर? दगडावर. १९६० मध्ये ॲरिझोनाच्या विवरात कोएसाइट नावाचे खनिज सापडले. ते वाळूच्या द्रव्याचेच, पण अतिप्रचंड दाबाखाली तयार होणारे रूप आहे. जमिनीच्या पृष्ठभागावर ज्वालामुखी तसा दाब निर्माण करू शकत नाही.

लोणारच्या काळ्या पत्थरात तसली वाळू नाही. तेव्हा येथे वेगळी खूण शोधावी लागली. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण आणि अमेरिकी शास्त्रज्ञांनी विवराच्या तळाला भोके पाडून नमुने काढले. १९७३ मध्ये फ्रेड्रिक्सन, दुबे, मिल्टन आणि बालसुंदरम् यांचा लेख प्रसिद्ध झाला. नमुन्यांत त्यांना मास्केलिनाइट आढळले होते. स्फटिक न वितळता केवळ आघाताच्या दाबाने आतून विस्कटतो व काचेसारखा होतो, ते हे द्रव्य. नुसत्या उष्णतेने ते होत नाही. विवराच्या काठावर वितळलेल्या दगडाचे बारीक गोलक सापडले. तसेच गोलक अपोलो यानांनी चंद्रावरून आणलेल्या मातीतही होते. शिवाय दख्खनचा लाव्हा सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीचा, विवर त्यामानाने अगदी अलीकडचे. म्हणजे विवर झाले तेव्हा येथील ज्वालामुखी केव्हाच थंड झाले होते.

एकमेकांशी संबंध नसलेले तीन पुरावे एकाच ठिकाणी बोट दाखवितात. पंचायतीत वेगवेगळ्या गल्लीतले तीन साक्षीदार, आपसांत न बोलता, एकच हकिकत सांगतात, तेव्हा आपण काय मानतो?

४. आकडे बदलतात, मग?

कोणी म्हणेल, "तुमचे विज्ञानही बदलतेच की!" होय, बदलते. लोणारचे वय १९९७ च्या एका मापनात सुमारे ५२ हजार वर्षे आले. २०११ मध्ये निराळ्या पद्धतीने मोजले, तेव्हा सुमारे ५ लाख ७० हजार वर्षे आले. दहापटीहून जास्त फरक! परंतु काय बदलले आणि काय टिकले हे नीट पाहावे. वय बदलले. 'वरून काही आदळले' हे टिकले. कारण ते वयाच्या आकड्यावर उभे नव्हते, दगडातल्या खुणेवर उभे होते. लाउडन यांच्या आक्षेपाला काही वास्तववादी हेच उत्तर देतात. सिद्धान्त सगळाच्या सगळा खरा मानू नका. त्याचा जो भाग प्रत्यक्ष काम करतो आणि निरनिराळ्या पुराव्यांतून पुन्हापुन्हा वर येतो, तेवढ्यावरच विश्वास ठेवा, आणि पुराव्याच्या प्रमाणात ठेवा.

२०२० च्या जून महिन्यात लोणारचे पाणी गुलाबी झाले. निरनिराळ्या वावड्या उठल्या. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेत नमुने तपासले गेले. शास्त्रज्ञांचा पहिला अंदाज एका शेवाळाचा होता. तपासाअंती मिठात वाढणारे, गुलाबी रंग धरणारे दुसरेच सूक्ष्मजीव निघाले. पहिला अंदाज त्यांनी स्वतःच मागे घेतला. त्यात त्यांना कमीपणा वाटला नाही.

५. आजीचे उत्तर

आता मरीआई आणि जंतू यांत फरक काय? दोन्ही दिसत नाहीत, हे आजीचे म्हणणे खरे. पण रोगी बरा झाला तर मरीआई पावली, मेला तर कोपली. काहीही घडो, मरीआई खोटी ठरत नाही. जंतूचे तसे नाही. पाणी उकळले तर रोग घटला पाहिजे. न घटला तर आमचे म्हणणे अडचणीत येते. मग दोष कोठे, हे गिल्बर्टच्या गृहीतासारखे शोधावे लागते: पाणी पुरते उकळले का, भांडे धुतलेले होते का, पोराचे हात घाण होते का. यातील प्रत्येक शंका वेगळी तपासता येते. पटकीचा जंतू रॉबर्ट कॉख यांनी १८८४ मध्ये कलकत्त्याला रोग्यांत आणि तळ्याच्या पाण्यातही दाखविला. परंतु त्याआधी तीस वर्षे, १८५४ मध्ये, लंडनला जॉन स्नो यांनी कोणत्या घरी कोणते पाणी जाते याची नुसती नोंद ठेवून रोग पाण्यातून येतो हे दाखविले होते.

मी आजीला शाळेत नेले. डबक्यातील पाण्याचा थेंब सूक्ष्मदर्शकाखाली ठेवला. सुईत दोरा ओवताना लावते तो चष्मा तिने काढला आणि डोळा लावला. बराच वेळ पाहत राहिली. मी म्हटले, "आजी, चष्म्याने दिसलेला दोरा खरा, तर या काचेतून दिसलेले खोटे कसे?" ती म्हणाली, "हे वळवळते ते खरं. पण यानंच पोराचं पोट बिघडते, हे कुठं दिसलं?"

बरोबर होते. थेंबातले ते जीव रोगाचे जंतूच आहेत असेही मी म्हणू शकत नव्हतो; ते जंतू त्याहून फार बारीक असतात. मी तसे तिला सांगितले. कारण डोळ्यांना दिसत नाही, ते घराघरांची तुलना करून कळते, हेही सांगितले. ती म्हणाली, "मंग वही ठेव. कोण उकळते, कोण नाई. मी सांगन खरं."

वही घेतली आहे. पहिल्या पानावर तिच्याच घराचे नाव आहे.

घरी चर्चेसाठी प्रश्न

१. आपण न पाहता मानतो अशा तीन गोष्टी लिहा. प्रत्येकीचा पुरावा काय?
२. त्यांपैकी कोणती गोष्ट चुकीची ठरू शकेल, आणि कशी?
३. गिल्बर्टसारखे न तपासलेले गृहीत आपल्या घरात कोणते आहे?