'ऋतंभरा' : नावाचा अर्थ, उगम आणि त्यामागील साधना

घरात कन्या जन्माला आली की, नावाचा शोध चालू होतो. 'नाव वेगळे हवे, कुणाचे नसलेले हवे', अशी इच्छा आज अनेक पालकांची असते. वेगळेपणाच्या ओढीने कधीकधी अर्थाचा विचार मागे पडतो. काही नावे मात्र विरळ असूनही अर्थाने भक्कम असतात. 'ऋतंभरा' हे असेच एक नाव आहे. आजीच्या पिढीत गंगा, गोदावरी, रुक्मिणी ही नावे घरोघरी होती. 'ऋतंभरा' हे नाव त्या मालिकेत क्वचितच आढळते. मुलीचे नाव म्हणून त्याचा वापर अलीकडचा असला, तरी शब्द अतिशय प्राचीन आहे. त्याचा अर्थ आणि त्यातून साधकांनी काय घ्यावे, ते या लेखात पाहू.

१. व्युत्पत्ती

१ अ. ऋतंभरा म्हणजे 'ऋताने भरलेली' नव्हे ! : मराठी कानाला 'भरा' हा शब्द ऐकताच 'भरलेली' असे वाटते. त्यामुळे पुष्कळ ठिकाणी या नावाचा अर्थ 'सत्याने परिपूर्ण' असा सांगितला जातो. येथे मूळ धातू 'भृ' आहे. त्याचा अर्थ धारण करणे आणि पोषण करणे. आपण 'भरणपोषण' म्हणतो, ते याच धातूवरून. भार, भर्ता, भृत्य हे शब्दही त्याचेच. म्हणून ऋतंभरा म्हणजे 'ऋताला धारण करणारी, त्याचे पोषण करणारी'.

१ आ. व्याकरणाचा आधार : पाणिनीच्या अष्टाध्यायीत (३.२.४६) 'भृ' आणि आणखी काही धातूंपासून असे शब्द सिद्ध करण्याचा नियम आहे. तो संज्ञेसाठी, म्हणजे नावासाठीच सांगितला आहे, हे विशेष ! युगंधर, शत्रुंजय, अरिंदम आणि पृथ्वीचे नाव 'विश्वंभरा' ही त्याच घडणीची नावे. संत तुकाराम महाराजांचे पूर्वज विश्वंभरबाबा यांच्या नावात मराठी वाचकांना हीच घडण दिसेल. पृथ्वी विश्वाचा भार वाहते, म्हणून ती विश्वंभरा; जी ऋताचा भार वाहते, ती ऋतंभरा.

२. 'ऋत' म्हणजे काय ?

'ऋत' हा वेदांतील अत्यंत महत्त्वाचा शब्द आहे. सूर्य वेळेवर उगवतो, पाऊस ठरल्या काळी येतो, बी पेरले की तेच धान्य उगवते; या सर्वांच्या मागे असलेली अढळ व्यवस्था म्हणजे ऋत. ऋग्वेदात वरुणदेवतेला ऋताचा रक्षक मानले आहे. जे ऋत नाही, ते 'अनृत', म्हणजे खोटे.

मग ऋत आणि सत्य यांत भेद काय ? गणपति अथर्वशीर्ष म्हणतांना आरंभीच आपण ऋत बोलण्याचा आणि सत्य बोलण्याचा असे दोन वेगळे उच्चार करतो. तैत्तिरीय उपनिषदाच्या शांतिमंत्रातही ते दोन्ही वेगवेगळे येतात. त्यावरील भाष्यात आद्य शंकराचार्यांनी हा भेद उलगडला आहे. शास्त्र आणि कर्तव्य यांना अनुसरून बुद्धीत पक्के ठरलेले जे आहे, ते ऋत. तेच वाणीने आणि देहाने आचरणात उतरते, तेव्हा ते सत्य. म्हणजे ऋत हे आत रुजलेले बीज आहे आणि सत्य हे त्याचे बाहेर दिसणारे रोप.

३. शब्दाचा उगम

३ अ. योगसूत्रे : हा शब्द प्रसिद्ध झाला तो महर्षि पतंजलींच्या योगसूत्रांमुळे. समाधिपादातील ५१ सूत्रांपैकी ४८ व्या सूत्रात तो येतो. निर्विचार समाधीत चित्त अत्यंत निर्मळ झाल्यावर योग्याच्या ठिकाणी जी प्रज्ञा प्रकट होते, तिला पतंजलींनी 'ऋतंभरा' म्हटले आहे. 'प्रज्ञा' हा शब्द स्त्रीलिंगी असल्याने तिचे हे विशेषणही स्त्रीलिंगी आहे आणि म्हणूनच ते मुलीच्या नावाला सहज शोभते. ऐकीव ज्ञान आणि अनुमानाने मिळालेले ज्ञान यांहून ही प्रज्ञा वेगळी आहे, असे पुढचेच सूत्र सांगते. अग्नी उष्ण असतो, हे ऐकणे वेगळे, धूर पाहून अग्नी ओळखणे वेगळे आणि प्रत्यक्ष ऊब अनुभवणे वेगळे, तसे हे आहे.

भाष्यकार व्यास येथे नावाविषयीच बोलतात. ही संज्ञा अन्वर्थक आहे, म्हणजे नावाप्रमाणेच तिचा गुण आहे. ती केवळ सत्यच धारण करते, विपरीत ज्ञानाचा तेथे गंधही नसतो, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय आहे. नाव आणि गुण यांत अंतर नसणे, हे या नावाचे पहिले लक्षण !

३ आ. श्रीमद्भागवत : पाचव्या स्कंधात प्लक्षद्वीपाचे वर्णन आहे. तेथील सात नद्यांमध्ये 'ऋतंभरा' आणि 'सत्यंभरा' ही दोन नावे शेजारी शेजारी येतात. मुलीला नदीचे नाव देण्याची आपली जुनी परंपरा या नावातही अशी जपली जाते.

४. नाव ठेवतांना घ्यावयाची काळजी

४ अ. लेखन : 'ऋतुंभरा' हे रूप अशुद्ध आहे. येथे 'ऋतु' नसून 'ऋत' आहे. जन्माच्या दाखल्यावर एकदा चूक झाली की, ती शाळेपासून पुढे सर्वत्र चालत रहाते. म्हणून नोंद करतांनाच अक्षरे तपासून घ्यावीत.

४ आ. उच्चार : मराठी आणि गुजराती भाषांत 'ऋ' चा उच्चार 'रु' कडे झुकतो, तर हिंदी आणि बंगाली भाषांत 'रि' कडे. महाराष्ट्राबाहेर रहाणार्‍या मराठी कुटुंबातील मुलीला शाळेत 'रितंभरा' अशी हाक ऐकू येईल. त्याने गोंधळून जाऊ नये. देवनागरीत मात्र 'ऋ' च लिहावे.

४ इ. लाडाचे नाव : मोठे नाव घरात आखूड होतेच. 'ऋतू' म्हणण्यापेक्षा 'ऋता' म्हणावे. नाव लहान होईल. पण अर्थ हरवणार नाही.

४ ई. परंपरेचा निकष : पारस्कर गृह्यसूत्रात मुलीचे नाव आकारान्त आणि विषम अक्षरसंख्येचे असावे, असे सांगितले आहे. 'ऋतंभरा' आकारान्त आहे. पण त्याची अक्षरे ४, म्हणजे सम आहेत. हा नियम पाळू इच्छिणार्‍यांनी संस्काराच्या वेळी दुसरे नाव ठेवून हे नाव व्यवहारात वापरावे किंवा ३ अक्षरांच्या 'सुऋता'सारखी ओढूनताणून केलेली जोडणी न करता आपल्या पुरोहितांना विचारावे.

५. नाव मुलीचे, साधना घराची !

ऋतंभरा प्रज्ञा ही योग्याला दीर्घ साधनेने लाभणारी अवस्था आहे. नाव ठेवल्याने ती मुलीला मिळाली, असे होत नाही. 'एवढे मोठे नाव आणि वागणे असे ?' असे टोमणे मारून नावाचे ओझेही तिच्यावर टाकू नये. नाव ही दिशा आहे, प्रमाणपत्र नव्हे.

त्या दिशेने आधी चालायचे आहे, ते पालकांनी. दारात नकोसा माणूस आला की, 'बाबा घरी नाहीत म्हणून सांग', असे आपण मुलांनाच सांगतो. बसमध्ये अर्धे तिकीट काढण्यासाठी मुलीचे वय तिच्यासमोरच कमी सांगतो. ज्या मुलीला आपण दिवसातून पन्नास वेळा 'ऋताला धारण करणारी' अशी हाक मारतो, तिच्याच तोंडून अनृत वदवतो. त्या वेळी नाव अन्वर्थक रहात नाही आणि ते तसे करणारे आपणच असतो.

'भृ' धातूचा अर्थ येथे पुन्हा आठवावा. ऋत एकदा भरून ठेवण्याची वस्तू नाही. तान्ह्या बाळासारखे त्याचे रोज पोषण करावे लागते. मुलीने विचारलेल्या प्रश्नाला खरे उत्तर देणे, दिलेला शब्द पाळणे, चुकले तर तिच्यासमोर 'माझे चुकले' म्हणणे, हे ते पोषण आहे.

६. या आठवड्याचा स्वाध्याय

अ. आपल्या आणि कुटुंबियांच्या नावांचा धातूसह अर्थ शोधून वहीत लिहावा.

आ. 'मी माझ्या नावाप्रमाणे आज कोणत्या प्रसंगी वागलो / वागले ?', याचे रात्री झोपण्यापूर्वी चिंतन करावे.

इ. मुलांना खोटे बोलायला लावणारा आपल्या घरातील एक तरी प्रसंग ओळखून तो थांबवावा.

आपल्या घरी ऋतंभरा नावाची कन्या असो वा नसो, प्रत्येक घर ऋताचे भरणपोषण करणारे होवो, ही भगवंताच्या चरणी प्रार्थना !